टीव्हीवरच्या डान्स स्पर्धेची ऑडिशन: दोन महिन्यांत काय बसवायचं आणि कुठे फसतं

प्रश्न थोडक्यात असा आहे: साताऱ्याची 19 वर्षांची मुलगी, कथकची मध्यमा परीक्षा पूर्ण झालेली, कॉलेजात आल्यापासून कंटेम्पररी नृत्यही शिकते. दोन महिन्यांनी एका हिंदी चॅनलच्या डान्स रिॲलिटी शोची ऑडिशन आहे. काय बसवावं, काय टाळावं, निवड झालीच तर पुढे काय वाढून ठेवलेलं असतं, आणि 11 वर्षांच्या धाकट्या भावालाही पाठवावं का, असं तिच्या आईने विचारलं आहे.

ताई, मध्यमा पूर्ण म्हणजे लय, तोल आणि पायांची तयारी मुलीकडे आहे. तिथे काळजी नको. पण अशा ऑडिशनला नाच येत नाही म्हणून बाहेर जाणाऱ्यांपेक्षा चुकीच्या मापाने बसवल्यामुळे बाहेर जाणारे जास्त असतात. गॅदरिंगसाठी किंवा आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेसाठी पाच मिनिटांचं बसवलेलं असतं, तेच कापून दीड मिनिटाचं करतात आणि नेतात. ते चालत नाही. दीड मिनिट मुळापासून दीड मिनिट म्हणूनच बसवावं लागतं.

‘हौशी’ या शब्दाचा अर्थही आता बदलला आहे. 1996 साली सोनीवर ‘बूगी वूगी’ सुरू झालं तेव्हा क्लासचं तोंडही न पाहिलेली मुलं, गृहिणी, आजोबा येऊन नाचत आणि खरोखर हौस म्हणून नाचत. 2009 मध्ये झी टीव्हीवर ‘डान्स इंडिया डान्स’ आलं. मास्टर्स, त्यांच्या टोळ्या, आठवड्याला नवी शैली हा साचा रुळला आणि पातळी झपाट्याने वर गेली. झी मराठीवर ‘एका पेक्षा एक’नेही अशीच हवा घराघरांत आणली. आज रांगेत उभी असलेली बहुतेक मुलं चार-पाच वर्षं रोज सराव करणारी असतात. त्यामुळे ‘छान नाचते’ एवढ्याने भागत नाही. काय वेगळं नाचते हे पहिल्या वीस सेकंदांत दिसावं लागतं.

आता गाणं. गाणं निवडताना आवडीच्या आधी हिशेब करा. नाच आठ-आठ काउंटच्या गटांत मोजतात. अशा एका ‘आठ’ला लागणारे सेकंद म्हणजे 480 भागिले गाण्याचा बीपीएम, म्हणजे मिनिटाला पडणारे ठोके. 96 बीपीएमचं गाणं घेतलं तर एक आठ पाच सेकंदांचा, म्हणजे 90 सेकंदांत 18 आठ. कथकवालीला हे सोपं आहे: दोन आठ म्हणजे तीनतालाचं एक आवर्तन, सोळा मात्रांची एक फेरी, 10 सेकंद. 90 सेकंदांत नऊ आवर्तनं. 140 बीपीएमचं घेतलं तर आठ साडेतीन सेकंदांत संपतो आणि 26 आठ बसवावे लागतात. तिथे कथकचं बारीक काम धावपळीत चिरडलं जातं. या मुलीसाठी 90 ते 105च्या दरम्यानचं गाणं योग्य.

इथे कथकच्या मुली हमखास एका ठिकाणी अडकतात. नऊ आवर्तनं भरून शेवटी तिहाई ठेवतात, म्हणजे एकच तुकडा तीनदा घेऊन समेवर येणं. तिहाई संपते पुढच्या समेवर, म्हणजे पुढच्या आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर, 145व्या मात्रेला, आणि ती मात्रा बरोबर 90व्या सेकंदाला सुरू होते. वेळेची मर्यादा 90 असेल तर ट्रॅक त्याच क्षणी बंद होतो. मुलगी सम गाठते ती शांततेत, आणि समोरच्याला वाटतं की गाणं संपलं आणि हिला कळलंच नाही. म्हणून आठच आवर्तनं बसवा. 80 सेकंद, मग समेचा ठोका, त्यावर दोन-तीन सेकंद फ्रीझ. एकूण 83 सेकंद. ट्रॅक फेड आऊट करून संपवू नका. शेवटी ठाशीव ठोका हवा. मूळ गाण्यात तो नसेल तर एडिटिंगमध्ये तबल्याचा किंवा ढोलकीचा एक ठोका जोडता येतो.

कापतानाही नियम एकच: काप सम किंवा आठच्या पहिल्या काउंटवर घ्या, ओळ अर्धी तोडू नका. कापलेल्या जागी कानाला ठेच लागली तर शरीरालाही लागते. ऑडॅसिटीसारख्या फुकट सॉफ्टवेअरमध्ये हे एका संध्याकाळी होतं. फाइल वेव्ह किंवा 320 केबीपीएसची एमपी3, नाव देवनागरीत नको, कारण काही जुने प्लेअर ते वाचत नाहीत. दोन पेन ड्राइव्ह आणि शिवाय फोनमध्ये एक प्रत. फोन लावायची वेळ आली तर आधी फ्लाइट मोड. तिहाईच्या मध्ये रिंगटोन वाजण्याचे प्रकार होतात.

आठ आवर्तनांची मांडणी या मुलीसाठी साधारण अशी सुचवेन. पहिल्या आवर्तनात ओळख: पायांचं काम आणि हातांची स्वच्छ रेघ, जेणेकरून पाचव्या सेकंदाला कळावं की ही शिकलेली आहे. सुरुवातीला पाठमोरं उभं राहून दहा सेकंद पार्श्वसंवाद ऐकवणं, हळूहळू मान वळवणं, हे सगळं काढून टाका. त्यात नाच नाही आणि वेळेचा आठवा हिस्सा जातो. दुसरं-तिसरं आवर्तन जागा व्यापणारं, शब्दांवर थोडा अभिनय. चौथ्यात कुठेतरी चार मात्रांचा पूर्ण थांबा. पाचवं-सहावं कंटेम्पररीचं, खाली जमिनीवर. सातव्यात चक्कर, म्हणजे कथकच्या गिरक्या. आठव्यात तिहाई.

चक्कर सातव्यात ठेवण्यात धोका आहे हे धरूनच चला. जमिनीवरच्या कामानंतर श्वास लागलेला असतो आणि मात्रेला एक चक्कर म्हणजे 96च्या लयीत साधारण 0.6 सेकंदाला एक. दमलेल्या शरीराने सोळा घेतले तर शेवटच्या चारांत जागा सुटते. बारा घ्या, चार मात्रा सावरायला ठेवा. नजरेची खूण, म्हणजे फिरताना दर फेरीला नजर जिथे परत आणायची ती जागाही आधी ठरवा. क्लासमध्ये भिंतीवरचं घड्याळ असतं. सेटवर फिरते लाइट असतात आणि समोर अंधार. कॅमेऱ्यावरचा लाल दिवा खूण म्हणून धरू नका, तो कॅमेरा बदलला की विझतो. परीक्षकांच्या टेबलाचा कोपरा किंवा बाहेर जायच्या दाराची पाटी बरी.

घुंगरू? या तुकड्यात नकोत. जमिनीवर लोळताना ते घोट्याच्या हाडावर रुततात, आणि प्रसारणात गाणं सहसा थेट ट्रॅकवरून घेतात, त्यामुळे खाली वेगळा माइक लावला नसेल तर घुंगरांचा आवाज घरी पोचतही नाही. पुढे कधी शुद्ध कथक करायचं ठरलं तर बांधा आणि साउंडवाल्यांना फ्लोअर माइक आधी मागा.

दोन महिन्यांची वाटणी साधारण अशी. पहिले दोन आठवडे गाणं, काप आणि आराखडा. पुढचे दोन बसवणं. पाचव्या आठवड्यापासून नवी स्टेप घालणं बंद. हे पाळणं सगळ्यात अवघड जातं, कारण त्याच सुमारास कुणीतरी सांगतं की एक बॅक फ्लिप टाक, परीक्षक उभे राहतील. दोन महिन्यांत शिकलेली फ्लिप दडपणाखाली अर्धवट पडते आणि आधीचे सत्तर सेकंद पुसून टाकते. पाचवा-सहावा आठवडा दम वाढवायचा: पूर्ण ताकदीने एकदा, 60 सेकंद थांबून दुसऱ्यांदा, पुन्हा 60 सेकंद थांबून तिसऱ्यांदा. तिसऱ्या वेळीही तिहाई समेवर आली की तयारी झाली समजा. नुसतं मार्किंग, म्हणजे ताकद न लावता फक्त स्टेप आणि जागा दाखवणं, करत राहिलं तर दम कधीच बसत नाही. सातव्या आठवड्यात जागा बदला: फरशी, गच्ची, मॅट, शाळेचं स्टेज. आठव्यात सराव निम्म्यावर आणा आणि झोप पुरी करा.

रोज शेवटची दहा मिनिटं फ्रीस्टाइलला द्या. प्राथमिक फेरीत बसवलेला तुकडा मध्येच थांबवून ‘आता यावर नाच’ म्हणून अनोळखी गाणं लावतात. शास्त्रीय शिकलेली मुलं इथे गोठतात आणि त्याच तीन स्टेप फिरवत राहतात. उपाय आहे: दोन-दोन आठचे सहा छोटे तुकडे पक्के करा, दोन उभे, दोन मधल्या लेव्हलचे, दोन जमिनीवरचे. कुठलंही गाणं आलं की ते उलटसुलट जोडायचे. बघणाऱ्याला ते सुचलेलं वाटतं.

बहुतेक शो आधी ऑनलाइन व्हिडिओ मागतात. फोन आडवा, छातीच्या उंचीवर, स्टँडवर. तीन-चार मीटर अंतर. हात वर केल्यावर बोटांच्या वर आणि पायांच्या खाली थोडी जागा राहिली पाहिजे. 0.5एक्स वाइड लेन्स वापरू नका, कडेला गेलं की पाय वाकडे दिसतात. प्रकाश समोरून, मागे खिडकी नको. एकच शॉट, ना फिल्टर ना स्लो मोशन. काप दिसला की बघणारा धरून चालतो की मधे चुकलं होतं. ऑडिशनसाठी कुणी पैसे मागितले, ‘आतून ओळख आहे’ म्हणालं, तर तिथेच थांबा. चॅनलचे अधिकृत नियम चॅनलच्या ॲपवर आणि वेबसाइटवर असतात, तेवढेच खरे.

प्रत्यक्ष ऑडिशनच्या दिवशी टोकन घेऊन सहा-आठ तास बसण्याच्या तयारीने जा. आधार कार्ड, वयाचा दाखला, कॉलेजचं पत्र, पाण्याची बाटली. सकाळी रोजचंच खाणं, पोहे किंवा वरण-भात. नाचायच्या अर्धा-पाऊण तास आधी केळं. वॉर्म-अप दोनदा लागतो: सकाळी एकदा नीट 15-20 मिनिटं, आणि नंबर जवळ आला की पुन्हा पाच-सात मिनिटं, कारण रांगेत बसून अंग थंड पडतं. नाचायच्या अगदी आधी लांब-लांब स्ट्रेच धरून बसू नका. त्याने उडीची ताकद तात्पुरती उतरते. उड्या, पायांची हालचाल, खांदे मोकळे करणं, एवढंच.

आत प्री-जज म्हणून सहसा प्रॉडक्शनचे कोरिओग्राफर आणि क्रिएटिव्ह टीमची माणसं असतात. नाचानंतर ते बोलतात, घरची चौकशी करतात. ही गप्पा नसते. ‘एव्ही’साठी, म्हणजे नाचाआधी दाखवतात त्या छोट्या फिल्मसाठी, मजकूर शोधला जात असतो. घरात आधी बसून ठरवा: काय सांगायचं, काय नाही. आजारपण, कर्ज, घरातली भांडणं एकदा कॅमेऱ्यासमोर सांगितली की परत घेता येत नाहीत, आणि साताऱ्यासारख्या गावात वर्षभर लोक तेच विचारतात. ‘आई सकाळी डबे करून मला क्लासला सोडते’ हेही पुरतं. रडायला सांगितलं तर नाही म्हणता येतं.

निवड झाली तर मुंबईत राहावं लागतं. शूटिंग बहुधा गोरेगाव, मीरा रोड, नायगाव या पट्ट्यात. शनिवार-रविवारचे दोन भाग बहुतेक वेळा सलग शूट होतात आणि तो दिवस बारा-चौदा तासांचाही होतो. त्यामागचा आठवडा असा: गाणं ठरतं, हक्क मिळाले नाहीत तर बदलतं, मग दोन-तीन दिवसांत बसवायचं, सेटवर कॅमेरा रिहर्सल, शूट, एक दिवस विश्रांती मिळाली तर मिळाली. दर आठवड्याला. मुलं बाहेर पडतात ती बऱ्याचदा चौथ्या-पाचव्या आठवड्याच्या थकव्यात, दुखापतीने किंवा पाठांतर न झाल्याने. म्हणून इथून जाताना पाच-सहा तयार कल्पना वहीत घेऊन जाणं उपयोगी पडतं. कोरिओग्राफर हाताशी असला तरी रिकाम्या हाताने येणाऱ्या स्पर्धकाला तो त्याच्याच ठरलेल्या साच्यात घालतो.

कॅमेऱ्याचं माप इथे कामाला येतं. समोरचा मास्टर, कडेचे दोन, वर जिमी जिब म्हणजे लांब दांड्यावरचा, स्टेजवर फिरणारा एक, अशी साधारण रचना असते. ततकार, म्हणजे पायांचं काम, चालू असताना ऑनलाइन एडिटर (शूट चालू असतानाच कुठला कॅमेरा घ्यायचा ते ठरवणारा) चेहऱ्याचा क्लोज-अप घेऊन बसला तर तुमची सगळी मेहनत वाया. त्याला ते माहीत नसतं, सांगावं लागतं. कागदावर लिहून द्या: ‘दुसऱ्या अंतऱ्यानंतर 10 सेकंद पाय’, ‘शेवटच्या तिहाईला वाइड’. कॅमेरा रिहर्सलला मार्किंग केलं तरी जागा अचूक घ्या, कारण कॅमेरामन त्याच जागा लक्षात ठेवतो. जोडीने किंवा गटात असाल तर एकामागे एक उभे राहू नका; लांबच्या लेन्सवर मागचा पुढच्याला चिकटलेला दिसतो. दोघांच्या मधल्या फटीत तिसरा, असं उभं राहायचं.

स्टेजवरची फरशी बहुधा ॲक्रिलिक किंवा एलईडीची असते: चकचकीत, लाइटने तापलेली, घामाचा थेंब पडला की निसरडी. अनवाणी पाय दमट असतील तर चिकटतात आणि चक्करात गुडघा पिळला जातो. ओले असतील तर घसरतात. एंट्रीआधी ओल्या फडक्याने तळवे पुसून कोरडे करा, आणि आधीच्या ॲक्टमधला चमकीचा कचरा पुसलाय का ते स्वतः बघा. गुडघ्यावरच्या स्लाइडसाठी कातडीच्या रंगाचे पातळ नी-पॅड घाला.

कपड्यांत पांढराशुभ्र रंग लाइटखाली फुटतो, बारीक रेघांचं कापड स्क्रीनवर थरथरतं, आणि जांभळ्या-निळ्या एलईडीपुढे गडद निळा गायब होतो. नऊवारी नेसायची असेल तर शिवलेली घ्या. जमिनीवरच्या कामात पिनांवर भरवसा नको, हूक आणि इलॅस्टिक. दागिने टाके घालून बसवा. आणि नवा पोशाख अंगावर चढवून पूर्ण ताकदीने एकदा तरी नाचल्याशिवाय स्टेजवर जाऊ नका.

लिफ्ट, म्हणजे जोडीदाराने उचलून घेण्याची स्टेप, मागितली जाईलच. पायऱ्या सोडू नका: आधी जाड मॅट आणि दोन बाजूंना दोन माणसं, मग मॅट आणि एक, मग नुसती मॅट, मग रिकामी जमीन. ‘वेळ नाही, एकदा करून बघू’ हे वाक्य ऐकू आलं की मुलीने स्पष्ट नाही म्हणावं. घोटा मुरगळला तर थांबायचं, कापडात गुंडाळलेला बर्फ 15-20 मिनिटं, पाय उंच. चार पावलंही टाकता येत नसतील तर एक्स-रे. स्प्रे मारून शूट पूर्ण केलं तर एक आठवड्याची दुखापत दोन महिन्यांची होते.

करारावर सही करण्याआधी वकिलाला दाखवा आणि चार कलमं शोधायला सांगा: शो संपल्यावर किती काळ दुसरीकडे काम करता येणार नाही, मुलीचं नाव आणि चित्रण कुठे-कुठे वापरता येईल, दुखापतीचा खर्च आणि विमा कुणाचा, राहणं-खाणं-प्रवास कुणाकडे. पहिलं कलम महत्त्वाचं अशासाठी की पुढचं काम बरेचदा न जिंकणाऱ्यांनाच मिळतं. ‘डान्स इंडिया डान्स’चं दुसरं पर्व शक्ती मोहनने जिंकलं, पण त्याच पर्वातले धर्मेश येलांडे आणि पुनीत पाठक न जिंकताही पुढे ‘डान्स प्लस’मध्ये तिच्याबरोबरीने कॅप्टन म्हणून बसले.

धाकट्याबद्दल. माझं मत: या वर्षी नको. दोन मुलं दोन स्पर्धांत म्हणजे घर दोन ठिकाणी, आणि बहिणीच्या मागे त्याची शाळा बुडेल. तरी पाठवलंत तर 14 वर्षांखालच्या मुलांसाठी बालकामगार कायद्याखालचे नियम माहीत असू द्या. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, सलग 27 दिवसांपेक्षा जास्त नाही. निर्मात्याला जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी लागते, दर पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती लागते, आणि मुलाच्या कमाईतले किमान 20 टक्के राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावाने मुदत ठेवीत थेट जमा व्हावे लागतात. सेटवर ‘सगळे असंच करतात’ म्हटलं जाईल; परवानगीची प्रत मागा.

राहिला बक्षिसाचा पैसा. टीव्हीवरच्या स्पर्धेतलं बक्षीस लॉटरीच्या रांगेत बसतं: सरसकट 30 टक्के कर आणि त्यावर 4 टक्के सेस. उत्पन्न कितीही कमी असलं तरी सूट नाही, पोशाख-प्रवासाचा खर्चही वजा होत नाही. बक्षीस 15 लाखांचं धरलं तर 4 लाख 50 हजार टीडीएस आधीच कापून येतो, सेसचे 18 हजार रिटर्न भरताना द्यावे लागतात, हाती 10 लाख 32 हजार. बक्षिसात गाडी असेल तर तिच्या किमतीवरचा कर भरल्याशिवाय ती ताब्यात मिळत नाही, आणि तो निर्माता भरणार की तुम्ही, हे करारात लिहिलेलं असतं. तेही वकिलाला त्याच बैठकीत विचारून घ्या.